अँजेलिका: घरच्या बागेत लावायची तर माती कशी हवी, हवा कशी हवी

आपल्याकडच्या टुटीफ्रुटीतले हिरवे तुकडे कच्च्या पपईचे असतात. युरोपात जुन्या पद्धतीच्या केकवर असेच हिरवे, किंचित पारदर्शक तुकडे लावलेले दिसतात. ते मात्र फळाचे नसतात. एका वनस्पतीचे पोकळ देठ साखरेच्या पाकात मुरवून ते केलेले असतात. ती वनस्पती म्हणजे अँजेलिका. तिचे शास्त्रीय नाव अँजेलिका आर्केंजेलिका. कोथिंबीर, गाजर, शेपू, जिरे, ओवा ज्या कुळातले, त्याच कुळातली ही. पाने मोठी आणि दातेरी, फुलोरा छत्रीसारखा पण गोल चेंडूच्या आकाराचा, हिरवट पिवळा. फुलावर आलेले झाड दीड ते अडीच मीटर उंच होते, म्हणजे माणसाच्या डोक्यावरून सहज जाते. मूळ, देठ, पान, बी या सर्वांना एकच उग्रगोड वास असतो. जिन नावाच्या मद्याच्या मसाल्यात हिचे मूळ हमखास असते.

ब्रिटन, नेदरलँड्स किंवा नॉर्वेत घर घेतलेल्या अनेकांना परसात हे झाड लावावेसे वाटते. बी विकत मिळते आणि पाकिटावरचे चित्र सुंदर असते. तरी पहिल्या प्रयत्नात काहीच न उगवणे ही नेहमीची तक्रार आहे. दोष बहुतेक वेळा हाताचा नसतो, वेळेचा असतो. त्याकडे पुढे येऊ. आधी हे झाड आपणहून कुठे वाढते ते पाहणे जास्त उपयोगाचे, कारण मातीचे निम्मे उत्तर तिथेच मिळते.

मूळ घर काय सांगते

अँजेलिका उत्तरेची. नॉर्वे, स्वीडन, फिनलंड, आइसलँड, फॅरो बेटे, ग्रीनलँड हा तिचा मुलूख. आइसलँडमधले सर्वात उंच शिखर सुमारे 2,110 मीटरचे आहे आणि त्याच्या नावातच अँजेलिकाच्या दरीचा उल्लेख आहे. या प्रदेशात ती तीन ठिकाणी विशेष जोमाने वाढते. एक, डोंगरातून उतरणाऱ्या ओढ्यांच्या काठी. दोन, समुद्रपक्ष्यांच्या वसाहती असलेल्या कड्यांवर. तीन, समुद्रकिनारी, जिथे लाटांनी फेकलेले शेवाळ कुजून खत होते.

तिन्ही जागांत समान काय? ओल भरपूर, पण पाणी वाहते, तुंबत नाही. सुपीकता भरपूर, कारण पक्ष्यांची विष्ठा किंवा कुजलेले शेवाळ म्हणजे शेणखताचाच प्रकार. आणि उन्हाळा थंड. आइसलँडच्या राजधानीत जुलैचे सरासरी तापमान 11 ते 12 अंश सेल्सिअसच्या आसपास असते, तरी हे झाड तिथे पुरुषभर वाढते. तिला उष्णता लागत नाही, लांबलचक दिवस आणि गार मुळे लागतात. आइसलँडमध्ये मेंढ्यांनी चरून तिला सपाटीवरून हटवले आणि मेंढ्या पोचत नाहीत त्या बेटांवर नि कड्यांवर ती टिकून राहिली. त्यामुळे ती मुळातच कड्यावरची वनस्पती आहे, निकृष्ट जागेतही चालते, असा गैरसमज होतो. तसे नाही. संधी मिळाली तर ती सर्वात चांगल्या मातीत जाते.

नॉर्वेच्या शेतकऱ्यांना हे फार पूर्वी कळले होते. तिथे घराशेजारी कुंपण घातलेल्या खास अँजेलिका बागा असत, आणि मध्ययुगीन कायद्यात अशा बागेतून चोरी करणाऱ्याला शिक्षा सांगितलेली होती. फळे, भाज्या मोजक्याच असलेल्या प्रदेशात वसंतात सर्वात आधी मिळणारी ही हिरवी भाजी. स्नोरीने तेराव्या शतकात लिहिलेल्या राजांच्या चरित्रग्रंथात एक प्रसंग आहे: राजा ओलाफ त्रिग्वासन वसंतात रस्त्यावर विकायला आलेला अँजेलिकाचा एक मोठा देठ घेऊन रुसलेल्या राणीकडे जातो, आणि राणी तो हाताने झिडकारते. राजाने राणीला द्यावी अशी वस्तू म्हणजे देठ, यावरूनच त्याची किंमत कळावी. पश्चिम नॉर्वेतल्या व्हॉस या भागात तर शेतकऱ्यांनी पिढ्यान्‌पिढ्या निवड करून असा वाण तयार केला की ज्याचे देठ पोकळ नसून जवळजवळ भरीव असतात. खायला जास्त, म्हणून.

माती

अँजेलिकाला खोल, भुसभुशीत, सेंद्रिय पदार्थ भरपूर असलेली, ओल धरणारी पण निचरा होणारी माती हवी. पोयट्याची किंवा गाळाची माती सर्वात उत्तम. फ्रान्समध्ये पाकवलेल्या अँजेलिकासाठी प्रसिद्ध असलेले नियोर गाव नेमके पाणथळ, गाळाच्या प्रदेशाच्या काठावर वसले आहे, हा योगायोग नाही.

खोली महत्त्वाची, कारण तिला जाड सोटमूळ असते. फावड्याच्या एका पात्याइतक्या खोलीवर जर मुरूम, विटांचे तुकडे किंवा दाबून घट्ट झालेला थर लागत असेल, तर मूळ फाटे फोडते आणि झाड खुरटते. नव्या वसाहतींतल्या घरांच्या परसात बांधकामाचा राडारोडा पुरलेला असतो. अशा जागी निदान 45 सेंटिमीटरपर्यंत खणून तो काढावा लागतो. हे काम एकदाच, पण लावण्याआधी. नंतर झाड हलवता येत नाही.

आपली माती कशी आहे हे पाहायला प्रयोगशाळा लागत नाही. काचेच्या बरणीत एक तृतीयांश माती घ्या, पाणी भरा, जोरात हलवा आणि ठेवून द्या. वाळू एखाद्या मिनिटात तळाशी बसते, पोयटा काही तासांत, चिकणमाती मात्र दिवसभरही पाण्यात तरंगत राहते. थरांची जाडी पाहून अंदाज येतो. दुसरी चाचणी निचऱ्याची. हातभर खोल खड्डा करून पाण्याने भरा, ते मुरू द्या, पुन्हा भरा. तासाला दोन-चार सेंटिमीटर पाणी उतरत असेल तर जागा चांगली. दुसऱ्या दिवशीही खड्ड्यात पाणी दिसत असेल तर तिथे अँजेलिका लावू नका. ओल आवडते म्हणजे चिखल आवडतो असे नाही. साचलेल्या पाण्यात, विशेषतः हिवाळ्यात, मूळ कुजते.

लंडन आणि परिसरातल्या बागांत भारी चिकणमाती असते. ती हिवाळ्यात चिकट आणि ऑगस्टमध्ये विटेसारखी कडक. तिच्यात निव्वळ वाळू मिसळण्याचा सल्ला पुष्कळ ठिकाणी दिला जातो. माझ्या मते तो टाळावा. थोडी वाळू घातल्याने भारी माती हलकी होत नाही, फारच प्रचंड प्रमाणात घालावी लागते. त्यापेक्षा दर शरद ऋतूत चौरस मीटरला एक-दोन बादल्या चांगले कुजलेले शेणखत, पानांचे खत किंवा कंपोस्ट घालत राहावे. दोन वर्षांत फरक दिसतो. रेताड मातीलाही औषध हेच, फक्त तिथे ते ओल धरण्यासाठी. ताजे, न कुजलेले शेण मात्र वापरू नये. त्याने कोवळी मुळे भाजतात आणि गाजरासारखीच ती फाटतात.

सामू, म्हणजे पीएच, साधारण 5.5 ते 7 असावा, म्हणजे किंचित आम्ल ते उदासीन. स्कॉटलंडच्या पीटच्या जमिनी याहून आम्ल असतात, तिथे बागेचा चुना थोडा घालावा लागतो. दक्षिण इंग्लंडच्या चुनखडीच्या टेकड्यांवर अडचण उलटी असते, आणि ती जास्त अवघड. तिथे माती चुन्याची तर असतेच, शिवाय उथळ आणि लवकर कोरडी पडणारी. अशा ठिकाणी उंच वाफा करून बाहेरची माती भरणे हाच मार्ग.

कुंडीत लावता येते का? येते, पण कुंडी निदान 45 सेंटिमीटर खोल हवी, आणि उन्हाळ्यात रोज पाणी द्यायची तयारी हवी. कुंडीतले झाड जमिनीतल्याइतके मोठे होत नाही. देठ आणि पाने हवी असतील तर चालते. मुळांसाठी नाही.

ऊन, सावली, पाणी

पाकिटावर 'ऊन किंवा अर्धसावली' असे लिहिलेले असते. दोन्ही बरोबर आहे, पण कुठे राहता यावर ठरते. नॉर्वेतल्या बर्गनमध्ये वर्षाला 2,000 मिलिमीटरहून जास्त पाऊस पडतो, तिथे हिला पूर्ण ऊन द्यावे. लंडनमध्ये पाऊस जेमतेम 600 मिलिमीटर, आणि जुलै-ऑगस्टमध्ये हिरवळीसुद्धा पिवळ्या पडतात. तिथे सकाळचे ऊन आणि दुपारी सावली अशी जागा निवडावी. तरीही लंडनमध्ये थेम्सच्या काठी अँजेलिका बागांतून सुटून रानटी झाली आहे आणि दगडी बांधांच्या फटींतून उगवते. ओली मुळे आणि डोक्यावर ऊन, हे तिचे आवडते गणित.

पाणी थोडे थोडे रोज देण्यापेक्षा, पाऊस नसेल तेव्हा आठवड्यातून एक-दोनदा भरपूर द्यावे, म्हणजे ते सोटमुळापर्यंत पोचते. बुंध्याभोवती पाच-सात सेंटिमीटर पालापाचोळ्याचे आच्छादन घालावे, मात्र ते देठांच्या मधल्या गाभ्याला टेकू देऊ नये, तिथे कुज लागते. माती कोरडी पडली की पाने कडेने पिवळी होतात आणि झाड घाईने फुलावर येते. थंडीची मात्र काळजी नको. हिवाळ्यात वरचा भाग पूर्ण मरतो, नवखा माणूस झाड गेले समजून जागा खणायला घेतो, आणि मार्चमध्ये जांभळट कोंब वर येतात. म्हणून शेजारी एक काठी रोवून ठेवणे शहाणपणाचे.

बी: खरी अडचण इथे आहे

अँजेलिकाचे बी फार लवकर म्हातारे होते. गहू-हरभऱ्याचे बी कोरडे ठेवले तर वर्षे टिकते. हिच्या बियांची उगवणशक्ती काही महिन्यांतच झपाट्याने उतरते. ब्रिटनमध्ये बी जुलै-ऑगस्टमध्ये पिकते. दुकानात आपण ते पुढच्या एप्रिलमध्ये विकत घेतो, गरम खोलीत कुंडीत, वर बोटभर माती टाकून पेरतो. म्हणजे एकाच वेळी तीन चुका होतात.

पहिली चूक जुनेपणाची. दुसरी म्हणजे थंडी न देण्याची. बी झाडावरून गळते तेव्हा आतला गर्भ अगदी लहान असतो. ओलसर थंडीत काही आठवडे गेले की तो जागा होतो आणि वाढतो. उत्तरेकडच्या हिवाळ्यात हे आपोआप घडते, गरम खोलीत घडत नाही. तिसरी चूक मातीखाली पुरण्याची. या बियांना उगवायला उजेड लागतो.

म्हणून सर्वात सोपा आणि खात्रीचा मार्ग असा: ओळखीच्या कुणाच्या बागेतले, याच हंगामात पिकलेले बी ऑगस्ट-सप्टेंबरमध्ये आणावे आणि तयार वाफ्यावर नुसते पसरून तळहाताने दाबावे. माती वर टाकू नये. हिवाळा आपले काम करतो आणि वसंतात रोपे वर येतात. बी उशिरा मिळाले तर ते ओलसर वाळूत मिसळून, पिशवीत घालून फ्रीजमध्ये सुमारे 4 अंशांवर चार ते आठ आठवडे ठेवावे, मग कुंडीत वरच्यावर पेरून 15 ते 18 अंशांच्या उजेडाच्या जागी ठेवावे. फ्रीज म्हणजे खालचा कप्पा, बर्फाचा नव्हे. सगळे बी उगवेल अशी अपेक्षा ठेवू नये. पंचवीस टाकले आणि पाच-सहा आले तर घरच्या बागेला तेवढी पुरे आहेत, कारण एका झाडाला चौफेर जवळजवळ एक मीटर जागा लागते.

रोपे लहान असतानाच, चार-पाच पाने फुटली की कायमच्या जागी न्यावीत. उशीर केला तर सोटमूळ तुटते आणि रोप एक तर मरते, नाहीतर रुसून बसते.

दोन वर्षे, आणि मग

पहिल्या वर्षी फक्त पानांचा झुपका येतो. दुसऱ्या, तिसऱ्या, थंड प्रदेशात कधी चौथ्या वर्षी उंच दांडा वर येतो, फुले येतात, बी धरते आणि झाड मरते. केळीसारखेच, पण केळीला पिल्ले असतात, हिला बहुधा नसतात. तिची पुढची पिढी म्हणजे गळलेले बी. त्यामुळे फुलोरा येऊ द्यायचा की नाही हा निर्णय दरवर्षी घ्यावा लागतो. फुलाचा दांडा कोवळा असतानाच कापला तर झाड आणखी एक-दोन वर्षे जगू शकते. पण सगळेच दांडे कापत गेलात तर बी संपते आणि एक दिवस बाग रिकामी होते. दोन-तीन झाडे वेगवेगळ्या वर्षी लावावीत, त्यातले एक बियांसाठी सोडावे. एकदा हे चक्र बसले की रोपे आपोआप उगवत राहतात, उलट थोडी उपटावी लागतात.

देठ पाकवायचे असतील तर ते मे-जूनमध्ये, फुलण्यापूर्वी कापावेत. नंतर ते दोरखंडासारखे होतात. कोवळे देठ रुबार्बबरोबर शिजवायची जुनी रीत आहे, त्याने आंबटपणा कमी लागतो आणि साखर वाचते. मूळ हवे असेल तर फुलोरा येण्याआधीच्या शरदात खणावे. फुलून गेलेल्या झाडाचे मूळ लाकडासारखे आणि बहुधा किडलेले निघते.

किडींचे फार नाही. कोवळ्या दांड्यावर मावा, पानांत नागअळी, आणि रोपावस्थेत गोगलगायी, ज्या एका रात्रीत सगळा वाफा साफ करतात. गाजर किंवा सेलरी नुकतीच काढलेल्या वाफ्यात ही लावू नये, गाजरमाशी दोघांनाही चालते.

ओळख चुकली तर

हा भाग बागेपेक्षा जास्त महत्त्वाचा आहे. 'नदीकाठी फुकट उगवलेले दिसते, तेच उपटून आणू' हा विचार करू नका. याच कुळात युरोपातल्या सर्वात विषारी वनस्पती आहेत आणि त्याही ओल्या जागी, तशाच छत्र्या घेऊन उभ्या असतात. हेमलॉक, ज्याचा पेला इ. स. पू. 399 मध्ये सॉक्रेटिसाला पाजला, तो याच कुळातला. त्याचा दांडा गुळगुळीत, त्यावर जांभळे ठिपके, पाने बारीक चिरलेली, वास उंदराच्या मुतासारखा. ब्रिटनच्या ओढ्यांकाठी वॉटर ड्रॉपवर्टची एक जात उगवते, तिची मुळे खाऊन माणसे आणि गुरे मेली आहेत, आणि तिच्या पानांना वास सेलरीसारखा चांगलाच येतो. म्हणजे नाकावरही भरवसा नको. जायंट हॉगवीडचा नुसता रस अंगाला लागून ऊन पडले तर भाजल्यासारखे फोड येतात.

अँजेलिकाची पाने रुंद, दातेरी पर्णिकांची असतात, देठाचा तळ पिशवीसारखा फुगून दांड्याला वेढतो आणि फुलोऱ्याचा रंग पांढरा नसून हिरवट असतो. तरीही पुस्तकातले वर्णन वाचून रानातले झाड खाऊ नये. पाकिटातल्या बियांपासून स्वतः वाढवलेलेच खावे, आणि त्याच्याही वाफ्यात भलते काही उगवलेले नाही ना हे पाहावे.

अँजेलिकाचा स्वतःचा रसही पूर्ण निरुपद्रवी नाही. त्यातल्या द्रव्यांमुळे उन्हात त्वचेवर चट्टे उठू शकतात. कापताना हातमोजे आणि लांब बाह्या घालाव्यात, शक्यतो ढगाळ दिवशी किंवा संध्याकाळी कापावे. गरोदरपणात ही औषध म्हणून घेऊ नये, आणि रक्त पातळ करणारी गोळी चालू असेल त्यांनी आधी डॉक्टरांना विचारावे.

महाराष्ट्रात लावता येईल का?

सरळ उत्तर द्यायचे तर पुणे, नागपूर, मुंबईत नाही. बियांना लागणारी थंडी फ्रीजमध्ये देता येईल, रोपही हिवाळ्यात दिसायला चांगले वाढेल, पण एप्रिल-मेच्या उन्हाळ्यात, रात्रीही गरम राहणाऱ्या मातीत ते तग धरणार नाही. विदर्भ-मराठवाड्याच्या काळ्या मातीत पावसाळ्यात पाणी तुंबते आणि उन्हाळ्यात भेगा पडतात, म्हणजे दोन्ही ऋतूंत अडचण. महाबळेश्वरची उंची सुमारे 1,350 मीटर आणि उन्हाळा सौम्य, पण तिथे पाच हजार मिलिमीटरच्या वर पाऊस जवळपास चार महिन्यांत कोसळतो. हौस म्हणून उंच वाफ्यावर, छपराखाली एखादे रोप करून पाहायला हरकत नाही. पीक म्हणून विचार करू नये.

भारतात हिची बहीण आहे, आणि ती हिमालयात. अँजेलिका ग्लॉका हे तिचे शास्त्रीय नाव. हिमाचलात तिला चोरा म्हणतात, उत्तराखंडच्या वरच्या खोऱ्यांत गंधरायण. वाळवलेल्या मुळाचा छोटा तुकडा तिथे डाळीच्या फोडणीत टाकतात, हिंगासारखा. ती साधारण 2,000 मीटरच्या वर, ओलसर उतारांवर, पानांच्या खताने काळ्या झालेल्या मातीत वाढते. युरोपातल्या बहिणीच्या आवडीनिवडी हिच्याही आहेत. मूळच काढले जात असल्यामुळे झाड जाते, आणि बी धरण्यापूर्वी काढले तर पुढची पिढीही जाते. त्यामुळे ती आज धोक्यात आलेल्या वनस्पतींच्या यादीत आहे. फिरायला गेल्यावर बाजारात गंधरायण दिसले, तर ते शेतात लावलेले आहे की रानातून खणलेले, एवढे विक्रेत्याला जरूर विचारा.